पंखाची ट्रायल

७ जानेवारी

प्रिय मामा,

नमस्कार. फोन केला असता, पण इतकी वर्षं मशिनच्या खडखडाटात काढल्यापासून तू फोनवर नुसतं "बरं बरं" म्हणतोस आणि फोन ठेवल्यावर मामीला विचारतोस, काय म्हणत होती गं. म्हणून पत्र. पत्राला "बरं बरं" म्हणून चालत नाही, उत्तर द्यावं लागतं.

नोकरी छान चालली आहे. विमा कंपनीच्या अपघात विभागात मला खिडकीजवळचं टेबल मिळालंय. खिडकी उघडत नाही, पण उजेड येतो. लोक काय करताना पडले, आपटले, भाजले, याचे कागद दिवसभर माझ्यासमोर येतात. मी ते वाचते, अपघाताचं कारण ठरवते आणि योग्य त्या रकान्यात लिहिते. कामावर पडणाऱ्यांबद्दल मला फार वाईट वाटतं. पण रविवारी पोटभर जेवून, आपल्या पायांनी पडायला जाणाऱ्यांचा ढीग वेगळा आहे आणि तो वाढत चाललाय. कुणी पायाला रबरी दोर बांधून पुलावरून उडी मारतं. कुणी गुहेत शिरतं आणि पोटाशी अडकतं. एका गृहस्थांनी चालत्या मोटारसायकलवर उभं राहून दाढी करायचा विक्रम करायचं ठरवलं. दाढी अर्धी झाली.

म्हणून मी या विषयावर एक पत्रक लिहायला घेतलंय. नाव ठेवलंय "छंद आणि जीव". साहेब म्हणाले, ऑफिसच्या वेळेत लिहू नका, मग काय हवं ते लिहा. मी ती परवानगी समजते. आपल्या घरातली मी पहिली पदवीधर. नुसती खुर्ची उबवायची असती तर त्यासाठी इतकी वर्षं अभ्यास कशाला केला असता? चार माणसांचे हातपाय जरी वाचले तरी माझं शिक्षण कामी आलं असं मी म्हणेन.

आता मुद्दा. काल आईचा फोन आला. ती म्हणाली, तुझ्या दुकानात विमानातून उडी मारायची छत्री आली आहे आणि तू तिला लटकून उडणार आहेस. आई अर्धं ऐकते आणि उरलेलं स्वतःचं घालते, हे मला माहीत आहे. तरी खरं काय ते लगेच कळव.

तुझी,
खारू

१३ जानेवारी

खारूताई,

आशीर्वाद घे, आणि आधी श्वास घे.

तुझी आई माझी थोरली बहीण, तेव्हा तिला खोटं ठरवता येत नाही. पण ती छत्री नव्हे आणि विमानाचा तर पत्ताच नाही. त्याला पॅराग्लायडर म्हणतात. एक भलामोठा कापडी पंख असतो, उघडला तर आपल्या दुकानातून बाहेर पडून औषधवाल्याच्या दारापर्यंत जाईल. पंखाला दोऱ्या, दोऱ्यांना झोळी, झोळीत माणूस. टेकडीवरून वाऱ्याच्या तोंडावर पळत सुटायचं, की पंख फुगतो आणि पाय जमिनीला लागेनासे होतात. आपले दातांचे डॉक्टर दर रविवारी हा उद्योग करतात. त्यांचा पंख दोघांना पेलणारा आहे. पुढच्या जागेवर त्यांची बायको बसायची. मागच्या महिन्यात दोघं काटेरी झाडात उतरले. पंख फाटला आणि बायकोने उड्डाणातून राजीनामा दिला. डॉक्टरांचे समोरचे दोन दात तर आधीच एका उतरण्यात गेलेत. आता आहेत ते नकली, स्वतःच आरशात बघून बसवलेत असं सांगतात. पेशंटला हसून दाखवतात, म्हणतात, हे बघा, हे माझंच काम.

तर फाटका पंख घेऊन ते दुकानात आले. म्हणाले, कंपनीकडे पाठवला तर वर्ष जाईल, तुमचा टाका मी माझ्या कोटावर पाहिलाय. मी कापड हातात घेतलं. फुंकर मारली तर उठतं, आणि दाताने तोडायला गेलो तर माझाच दात हलला. असं कापड मशिनखाली धरायला मिळतंय म्हटल्यावर कुठला शिंपी नाही म्हणेल?

आता उडण्याचं. माझी रीत तुला ठाऊक आहे. बाकीचे शिंपी गिऱ्हाइकाला ट्रायलला बोलावतात, मी आधी स्वतः घालून बघतो. कोट असला तर तो अंगात चढवून तासभर मशिनवर बसतो. बँडवाल्यांचे डगले शिवले तेव्हा गाल फुगवून पिपाणी वाजवली होती, छातीचं बटण टिकतं का ते बघायला. जे माझ्या अंगावर चढलं नाही ते मी दुसऱ्याच्या अंगावर चढवत नाही. मग पंखालाच सूट का द्यायची? पुढची जागा तशीही रिकामी आहे. शिवून झालं की मी बसणार. डॉक्टरही हो म्हणाले.

मामी हे सगळं ऐकल्यापासून माझ्याशी भांड्यांमार्फत बोलते आहे.

तुझा मामा

२० जानेवारी

प्रिय मामा,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. तिन्ही वेळा शेवट तोच निघाला.

कोट उसवला तर माणूस लाजतो. पंख उसवला तर लाजायला माणूस उरत नाही. तुझी रीत मला लहानपणापासून आवडते, त्या पिपाणीच्या आवाजाने मी पाळण्यात दचकले होते असं आई सांगते. पण कोट घालून तू खुर्चीवर बसतोस, मामा. खुर्ची जमिनीवर असते.

सोबत एक कागद जोडला आहे. हवेतल्या छंदांत कोणती हाडं जास्त मोडतात ते मी जुनी प्रकरणं चाळून काढलंय. घोटा पहिला आहे. तुझा डावा घोटा आधीच दुखतो. कृपा करून तो कागद दुकानात समोर लाव.

पत्रकाचं काम पुढे सरकतंय. नुसते कागद वाचून लिहिणं मला अप्रामाणिक वाटलं, म्हणून प्रत्यक्ष पाहणी सुरू केली. ऑफिसमागच्या गल्लीत एका जुन्या गोदामात चढाईची भिंत उभारली आहे. दोन मजली उंच, तिला रंगीत खुंट्या ठोकलेल्या. लोक कमरेला दोर बांधून त्या खुंट्यांना धरत वर जातात. कशासाठी, तर परत खाली यायला. मी खाली उभी राहून टिपणं घेतली. वर पोचल्यावर बोटं सोलवटतात, पोटऱ्या थरथरतात, आणि खालची माणसं बटणाएवढी दिसतात, असं तिथले लोक सांगतात.

एक काम आहे. माझ्या ऑफिसात एक मैत्रीण आहे, तिला या भिंतीचा नाद लागलाय. मी पुष्कळ समजावलं, ऐकत नाही. तिला बाजारातल्या पँट नीट बसत नाहीत. गुडघ्यावर दुहेरी कापड, आणि दोन पायांच्या मध्ये जादा कापडाची मोठी कळी लावून अशी शिव की पाय अगदी कानाशी गेला तरी शिवणीवर ताण येऊ नये. मापं मागच्या पानावर दिली आहेत. उजवा पाय डाव्यापेक्षा किंचित लांब ठेव.

उडू नकोस.

तुझी,
खारू

२७ जानेवारी

बाळ,

मामी लिहितेय. तुझ्या मामांना सांगितलेलं नाही, ते झोळीत बसलेत.

झोळी दुकानात टांगली आहे. छताच्या ज्या हुकाला पंखा होता तो पंखा उतरवला आणि तिथे डॉक्टरांची झोळी अडकवली. सवय व्हायला हवी म्हणे. दिवसभर तिच्यात बसून काज-बटणं करतात. गिऱ्हाईक आलं की तिथूनच माप घेतात. काल एक बाई माप देताना म्हणाल्या, "अहो, स्थिर राहा ना." माप देणाऱ्याने माप घेणाऱ्याला असं म्हणायची वेळ आली आमच्या दुकानात.

संध्याकाळी कापायच्या टेबलावर चढून खाली उड्या. उतरताना पाय जुळवायचे, गुडघे वाकवायचे. मी खाली गादी टाकली, तर म्हणाले, टेकडीखाली कोण गादी टाकणार आहे? डोक्यावर डॉक्टरांनी दिलेलं हेल्मेट असतं. जेवतानाही काढत नाहीत. मी काही बोलले की कानाकडे बोट दाखवतात, ऐकू येत नाही म्हणून. हेल्मेट नसतानाही तेच दाखवायचे.

तू पाठवलेला मोडक्या हाडांचा कागद त्यांनी भिंतीवर लावलाय. पण तू ज्यासाठी पाठवलास त्यासाठी नाही. येईल त्याला दाखवतात, "भाचीने काढलंय, विमा कंपनीत आहे, किती स्वच्छ तक्ता आहे बघा."

मी एवढंच विचारलं, तुम्हाला काही झालं तर? तर म्हणाले, माझ्या शिवणीला काही होत नाही. मी त्यांचं विचारत होते गं.

तू काहीतरी कर. तुझं त्यांना पटतं. माझं पटलं तरी ते हो म्हणत नाहीत, संसाराला इतकी वर्षं झाली.

मामी

३ फेब्रुवारी

प्रिय मामी आणि मामा,

पत्र लहान आहे, समजून घ्या. ऑफिसात नवीन टेबल आलंय, त्याची उंची जमत नाही, म्हणून अक्षर असं येतंय.

मामा, झोळी उतरव. पंखा लाव. मामीला उकडत असेल.

मैत्रिणीच्या पँटची घाई नाही. तिचं चढणं सध्या बंद आहे.

खारू

९ फेब्रुवारी

खारूताई,

तुझं अक्षर पाहिलं. ओळ डावीकडून निघते आणि उजवीकडे जाऊन विहिरीत पडते. मामी म्हणाली, पोरगी प्रेमात पडली. मी म्हटलं, प्रेमाचं माहीत नाही, पडली एवढं नक्की. यावर तुला काही सांगायचं असेल तर सांग. नसेल तर टेबलाला माझा नमस्कार सांग.

मैत्रिणीची मापं मिळाली. कमाल आहे, तिचाही उजवा पाय लांब. कंबर, मांडी, घोट्याचा घेर, सगळं वाचताना मला असं वाटलं की या मुलीचे कपडे मी कधीतरी शिवलेत. ही लहानपणी माझ्या दुकानातल्या कापडाच्या ताग्यांवर चढून छतापर्यंत जायची का, जरा विचारून बघ. आमच्याकडे अशी एक होती, तिचं नावच त्यावरून पडलं. असो. मैत्रिणीला आशीर्वाद सांग.

आता आनंदाची बातमी. पंख तयार झाला. फाटलेला भाग असा जोडलाय की डॉक्टरांना भिंगातून शोधावा लागला. पण काम करताना एक गोष्ट लक्षात आली, आणि मला त्या कंपनीची कीव आली. पंखाच्या दोऱ्या एकसारख्या नाहीत. पुढच्या रांगेतल्या एका मापाच्या, मागच्या रांगेतल्या दुसऱ्या, कडेच्या तिसऱ्याच. एका रांगेतल्यासुद्धा शेजारच्या शेजारची जुळत नाही. एवढी मोठी कंपनी, आणि एक टेप नाही? परकराची नाडी अशी लावली तर बायका दुकानात येऊन तोंडावर फेकतील.

मी स्वस्थ बसणारा नाही. दोन दिवस खपून एकूण एक दोरी सारखी केली. सगळ्यात आखूड होती ती धरली आणि बाकीच्या तिच्या मापाला आणल्या. आता पंख जमिनीवर अंथरला की दोऱ्या अशा पडतात, जशी शाळेतली पोरं रांगेत उभी. उरलेली दोरी मामीला कपडे वाळत घालायला दिली. ती पहिल्यांदाच या पंखाबद्दल बरं बोलली.

डॉक्टरांना हे सांगितलेलं नाही. टेकडीवरच दाखवणार, त्यांचा चेहरा बघायचाय.

येत्या रविवारी सकाळी ट्रायल.

तुझा मामा

१२ फेब्रुवारी

मामा,

हे पत्र जलद टपालाने पाठवते आहे. औषधवाल्या काकांना फोनही केलाय, ते निरोप देतील. पण मला माहीत आहे, तू निरोपावर विचारशील, "असं कोण म्हणतं?" म्हणून कोण म्हणतं तेही लिहिते. शेवटपर्यंत वाच.

तो पंख घेऊन उडू नकोस. दोऱ्या मुद्दामच वेगवेगळ्या मापाच्या होत्या. त्या लांबीमुळेच पंखाला बाक येतो, आणि त्या बाकामुळेच तो हवेत तरंगतो. सगळ्या सारख्या केल्या की पंख, पंख राहत नाही, नुसतं कापड राहतं. तो थोडा उठेल आणि मिटेल. टेकडीच्या कडेपलीकडे गेल्यावर मिटला तर खाली फक्त टेकडीच आहे.

तुझ्या भाषेत सांगते, तुझ्याच दुकानात बसून शिकले आहे. कोटाची बाही जिथे जोडतात त्या मुंढ्याचा पुढचा गोल आणि मागचा गोल तू कधी सारखा कापतोस का? मला एकदा तू म्हणाला होतास, सारखा कापला तर माणसाचा हात पुढे येणार नाही, माणूस कोटात उभाच्या उभा गाडला जाईल. पंखाचंही तसंच आहे.

आता कोण म्हणतं. चढाईच्या भिंतीवर शिकवणारे सर म्हणतात. ते स्वतः उडतात. तुझं पत्र त्यांना वाचून दाखवलं तेव्हा ते हसत होते, पण दोऱ्यांपाशी आल्यावर हसायचे थांबले. म्हणाले, "तुझे मामा कुठे आहेत? आत्ता जमिनीवर आहेत ना?"

तू विचारशील, भिंतीवरच्या सरांना तू कशी ओळखतेस, तू तर खाली उभी राहून टिपणं घेतेस. मी खाली उभी राहत नाही. पहिल्या दिवशी राहिले. सर म्हणाले, खालून काय लिहिणार, दोन हात वर जाऊन या. मी पत्रकासाठी म्हणून गेले. मग दुसऱ्या दिवशी कशासाठी गेले ते मला सांगता येत नाही. ऑफिसात दिवसभर मी लोकांचं पडणं लिहिते, आणि भिंतीवर एक एक खुंटी धरून वर जाते तेव्हा डोक्यात एकही रकाना नसतो. मैत्रीण नाही. पँट माझी आहे.

माझा उजवा हात प्लास्टरमध्ये आहे. मनगट मोडलंय. हे पत्र आणि मागचं पत्र डाव्या हाताने लिहिलंय, टेबल जुनंच आहे. भिंतीवरून पडले नाही, तिथे दोर असतो. पहिल्यांदा अगदी वरपर्यंत जाऊन खाली आले, दोर सोडला, आनंदाने उडी मारली आणि गादीच्या काठावरून घसरले. माझा कागद माझ्याच टेबलावर आला. मी तो योग्य रकान्यात टाकला.

हे कुणाला सांगणार नव्हते, तुला तर नाहीच. इतकी पत्रकं, इतके तक्ते, आणि मीच. पण आता मला हसलास तरी चालेल. हसायला तू हवास.

आईला सांगू नकोस.

खारू

१७ फेब्रुवारी

खारू,

मी जमिनीवर आहे. हे आधी लिहितो, मग बाकीचं.

शुक्रवारी औषधवाला धापा टाकत आला आणि तुझा निरोप शब्दन् शब्द सांगितला. मी म्हटलं, डोकेदुखीच्या गोळ्या विकणाऱ्याने मला दोरी शिकवू नये. तो म्हणाला, "मी शिकवत नाही, भाची शिकवतेय." मी म्हटलं, ती विम्यात आहे, तिला टाचणीतसुद्धा अपघात दिसतो. तो चिडून गेला. दोन दिवस मला खोकल्याचं औषध दिलं नाही.

शनिवारी तुझं पत्र आलं. दारात उभ्या उभ्या वाचलं. मुंढ्याचं वाचलं, तरी मनात वाद घालत होतो, म्हणत होतो, कोट वेगळा, पंख वेगळा. मग प्लास्टरपाशी आलो. तिथे वाद संपला. जी पोरगी हात मोडल्याचं लपवायला टेबल बदलते, मैत्रीण उभी करते, ती माझ्या दोऱ्यांसाठी सगळं स्वतःच्या हाताने, तेही डाव्या, उघडं करते. म्हणजे दोऱ्यांचं खरंच काहीतरी वाईट आहे. तुझ्या सरांना मी ओळखत नाही. तुला ओळखतो.

तसाच डॉक्टरांकडे गेलो. खुर्चीत पेशंट तोंड उघडून बसला होता. मी म्हटलं, "डॉक्टर, मी दोऱ्या सारख्या केल्या."

"कुठल्या दोऱ्या?"

"सगळ्या."

डॉक्टर स्टुलावर बसले. हातातला चिमटा पेशंटच्या तोंडात तसाच. म्हणाले, "मला सांगणार कधी होता?"

"टेकडीवर. गंमत म्हणून."

पेशंट तोंड उघडंच ठेवून एकदा त्यांच्याकडे, एकदा माझ्याकडे बघत होता. त्याचा दात त्या दिवशी राहिलाच.

रविवारी टेकडीवर गेलो नाही. खालच्या मोकळ्या मैदानात गेलो. डॉक्टर म्हणाले, बघूया तरी काय झालं असतं. झोळीत आमच्या दोघांच्या जागी वाळूची दोन पोती बांधली. वारा चांगला होता. पंख फुगला, माणसाच्या उंचीच्या थोडा वर गेला, आणि कुणी मूठ आवळावी तसा मिटला. मग कलंडला आणि पोती फरफटवत शेजारच्या कोंबड्यांच्या खुराड्यात घुसला. कोंबड्या सगळ्या ठीक आहेत, आमच्यापेक्षा हुशार, आधीच उडाल्या. मागचं पोतं शाबूत होतं. पुढचं फाटून वाळू सगळीकडे झाली होती. पुढची जागा माझी होती.

डॉक्टरांनी वाकून मूठभर वाळू उचलली. मग म्हणाले, "भाचीला कळवा, तिचे दात आयुष्यभर माझ्याकडे."

नव्या दोऱ्या कंपनीकडून मागवल्या आहेत. जुनी उरलेली दोरी डॉक्टर परत मागायला आले होते, नमुन्यासाठी. मामी म्हणाली, तिच्यावर माझे कपडे वाळतायत.

मी उडणं सोडलं. झोळी उतरवली, पंखा लावला. घरी शिंप्याने हार मानली अशी हवा आहे. आयुष्यात पहिल्यांदा माझ्या हातून कुणी मेलं असतं, आणि तेही इतकं नीटनेटकं शिवून, हे मनातून जात नाही. ते जाईल तेव्हा जाईल.

तोवर तुझी पँट घेतो. भिंत म्हणजे काही आकाश नव्हे, आणि पँट म्हणजे पंख नव्हे, तेव्हा यात तू घाबरायचं कारण नाही. पाय कानाशी गेला पाहिजे अशी कळी मी आजवर लावलेली नाही. आधी जुन्या पडद्याच्या कापडातून माझ्या मापाची एक शिवतो आणि ट्रायल घेऊन बघतो.

हाताला जप. पत्र डाव्या हाताचंच चालेल.

तुझा मामा

२५ फेब्रुवारी

खारूताई,

मी सांगतोय आणि मामी लिहितेय, कारण मला उठून बसता येत नाही. काळजी करू नकोस. (कंसातलं माझं आहे. मामी. काळजी कर.)

तुझ्या पँटची ट्रायल झाली. कळी उत्तम बसली. तू लिहिलं होतंस, पाय कानाशी गेला पाहिजे. माझा पाय उभ्याने कानाशी जाईना, म्हणून मी तो कापायच्या टेबलावर ठेवला. (टेबलावरून कपाटाच्या फळीवर ठेवला. हे सांगत नाहीत.) शिवणीवर जरा ताण यावा म्हणून खाली वाकलो. तेव्हा कमरेत कट्‌ असा आवाज आला. मला वाटलं, गेली शिवण. हात लावून पाहिलं, टाका जागचा हललेला नव्हता.

शिवण उसवली नाही. मी उसवलो.

तसाच एक पाय फळीवर ठेवून उभा राहिलो, कारण तो खाली येईना. (अर्धा तास. मी बाजारात होते. मधे दोन गिऱ्हाइकं येऊन गेली. एकाला वाटलं, ही जाहिरात आहे.) शेवटी औषधवाला आणि दातांचे डॉक्टर यांनी मिळून मला उतरवलं. औषधवाल्याने आता सगळी औषधं द्यायला सुरुवात केली आहे, न मागता.

आता तुझ्या खात्यातला प्रश्न. माझा विमा उतरवलेला आहे का, असं डॉक्टरांनी विचारलं. आहे. अर्ज आणला. त्यात अपघाताचं कारण लिहायचंय. उडणं लिहिता येत नाही, मी उडलो नाही. चढणं लिहिता येत नाही, मी चढलो नाही. काम लिहावं तर मामी म्हणते, हे काम नव्हतं. (नव्हतंच.) छंद लिहावं तर मी म्हणतो, माझा नाही, भाचीचा. तूच ठरव कुठला रकाना ते. तुझ्या पत्रकातही घाल हवं तर, पण नाव घालू नकोस, धंद्याचा प्रश्न आहे.

तुझी पँट तयार आहे. टपालाने पाठवणार नाही. उजव्या पायाला नुसता धावदोरा ठेवलाय, पक्की शिलाई तू आल्यावर. ट्रायलला यावं लागेल, आणि ट्रायल तूच घ्यायची. इथून पुढे दुकानात जो घालणार त्यानेच आधी घालून बघायचं. पाटीच लावायला सांगितली आहे. चढणं सोड असं मी म्हणणार नाही, मला तोंड नाही. फक्त वरून खाली आलीस की उडी मारू नकोस. वर जातेस तोवर सर असतात, दोर असतो. आनंदाला दोर कोण बांधणार?

तुझा मामा

(ते झोपले. आता माझं. तुझ्या आईला मी एक शब्द सांगितला नाही. यांनी फोनवर सांगितलं. तिने अर्धं ऐकलं. तिच्या मते तू विमानातून पडलीस आणि मामा तुला झेलायला गेले. ती परवा इथे येतेय.

प्लास्टरवरून बाही चढत नसेल हे आधी यांच्या लक्षात आलं, माझ्या नाही. इथे ठेवलेले तुझे जुने कपडे माझ्याकडून मागून घेतले आणि पडल्या पडल्या उजव्या बाह्या उसवून मोठ्या केल्या. माप विचारलं नाही. प्लास्टर केवढं असेल ते अंदाजाने धरलंय. ट्रायल मात्र घेतलेली नाही, मी घेऊ दिली नाही.

लवकर ये. तुझी आई आत असेल, म्हणून हेल्मेट दारामागे खुंटीला ठेवलंय. आत येताना घाल.)